राजदूताचा केस पेपर

आमच्या घरात पुस्तकं थोडी होती आणि पुस्तिका पोत्याने. वडील सकाळी शाळेत मास्तर आणि संध्याकाळी चळवळीचे. हुंडा का घेऊ नये, भानामती कशी खोटी, धरणाचं पाणी कुणाच्या उसाला जातं, अशा विषयांवरच्या बत्तीस पानी पुस्तिका आमच्या माजघरात दुमडल्या जायच्या. मी अक्षरं शिकले ती तिथेच, पिना मारता मारता. पुस्तिकेचा एक नियम असतो. कुणाची चूक आहे ते पहिल्याच पानावर सांगून टाकायचं. वाचणारा एसटीची वाट बघत उभा असतो, त्याला वेळ नसतो.

अशा घरातली मी लंडनला येऊन एका स्पॅनिश उमरावाचं चरित्र लिहीत बसले. अठराव्या शतकातला उमराव, त्याच्या राजाचा इंग्लंडमधला राजदूत. वडिलांना फोनवर सांगितलं तर ते म्हणाले, “सरंजामदाराचं? चांगलं की वाईट?” मी म्हणाले, “वाईट.” तेव्हा त्यांचं समाधान झालं.

हे काम मला वॉटफर्डच्या एका निवृत्त डॉक्टरांनी दिलं होतं. मी हाउन्सलोला एका घरात खोली घेऊन राहायचे आणि विमानतळावरच्या दुकानात परफ्यूम विकायचे. मास्टर्स झालं होतं, पण इतिहासाची पदवी घेऊन फिरणाऱ्या मुलीची वाट इथे कुणी बघत नव्हतं. इथल्या महाराष्ट्र मंडळाच्या दिवाळीच्या कार्यक्रमात मी एक लेख वाचला, डॉक्टरांच्या पिढीने इथे येऊन सत्यनारायण सोडून काय जपलं असा. अर्ध्या लोकांनी टाळ्या वाजवल्या नाहीत. जेवणाच्या रांगेत एक उंच, वाकलेले गृहस्थ माझ्यामागे येऊन उभे राहिले.

“तुझं मराठी चांगलं आहे,” ते म्हणाले. “फक्त आवाज जरा कमी कर. माझ्याकडे एक काम आहे.”

ते डॉक्टरकाका. पस्तिशीत असताना पहिल्या मोठ्या नोकरीच्या मुलाखतीला ते ज्या जुन्या हॉस्पिटलात गेले, तिथे बोर्डरूमच्या बाहेर या राजदूताचं तैलचित्र होतं. ती इमारत म्हणे एके काळी त्याचं उन्हाळ्यातलं भाड्याचं घर होती. काका त्या चित्राखाली बाकावर बसले होते. समोर लेसची कॉलर घातलेला, सावळा, घामेजल्यासारखा दिसणारा एक परदेशी माणूस. ती नोकरी त्यांना मिळाली आणि निवृत्त होईपर्यंत ते त्याच हॉस्पिटलात राहिले. नंतर इमारत विकली गेली, तिचे फ्लॅट झाले, चित्र कुठे गेलं कळलं नाही. काकांनी मग संध्याकाळच्या वर्गाला जाऊन स्पॅनिश शिकून घेतली आणि या माणसाचे कागद शोधायला लागले. केंब्रिजच्या लायब्ररीत त्यांच्याबरोबर मीही गेले आहे. ते नकला वाचून मला इंग्रजीत सांगायचे आणि मी वहीत मराठी लिहायचे.

“पण मराठी कशाला?” मी पहिल्याच आठवड्यात विचारलं होतं. “इंग्रजीत लिहिलंत तर वाचणारे तरी मिळतील.”

“मराठी वाचक काही कमी नाहीत,” काका म्हणाले.

स्वयंपाकघरातून काकूंचा आवाज आला. “एक आहे. कराडला.”

पुढच्या आठवड्यात काकूंनीच मला सगळं सांगितलं, मेथी निवडता निवडता, आवाज मुद्दाम न उतरवता. त्यांचा धाकटा भाऊ डॉक्टर. काका कन्सल्टंट झाल्यावर हॉस्पिटलच्या लोकांनी त्यांना पुण्या-मुंबईला नेलं होतं, तरुण डॉक्टर निवडून आणायला. काका सूट घालून प्रत्येक खोलीत सांगत होते, या, तिकडे शिकायला मिळतं, पुढे जाता येतं. त्यांच्या शब्दावर जे आले त्यांत हा मेहुणाही होता.

“सर्जन व्हायला आला आणि सर्जनच्या हाताशी उभा राहून जखम उघडी ठेवायचा रिट्रॅक्टर धरत राहिला,” काकू म्हणाल्या. “तशाच पोस्टवर. वर्षानुवर्षं. तिथून पुढे जायची वाटच नव्हती आणि ह्यांना ते माहीत होतं. निदान दुसऱ्या वर्षापासून तरी. तरी पुन्हा सूट घालून गेलेच. शेवटी तो परत गेला, कराडला दवाखाना टाकला. भाऊबीजेला माझ्याशी फोनवर बोलतो. ह्यांचं नाव काढत नाही.”

“आणि पुस्तक?”

“हे म्हणतात, त्याने राजदूताची गोष्ट वाचली तर त्याला समजेल.” त्यांनी एक पिवळं पान बाजूला टाकलं. “सरळ बोलता येत नाही ना, मग स्पेनवरून जायचं.”

म्हणजे मी चरित्र लिहीत नव्हते. एका म्हाताऱ्या माणसाची बाजू मांडत होते, आणि तीही त्याने मला न सांगता. मी चिडले होते आणि काम सोडणार होते. सोडलं नाही, कारण तोपर्यंत तो स्पॅनिश माणूस मला सोडत नव्हता. त्याचं काय करायचं ते मला ठरवायचं होतं.

तो घरातला दुसरा मुलगा. किताब मोठा, जमीन कोरडी, ऑलिव्हची झाडं आणि कोर्टकज्जे. त्याला सैन्यात घातलं. थोरला भाऊ तापाने गेला आणि किताब, झाडं, कज्जे सगळं याच्या गळ्यात आलं. मग ठरवून दिलेलं लग्न, उत्तरेकडच्या एका थंडगार दरबारात पहिली नेमणूक, आणि शेवटी लंडन. लंडनमध्ये त्याने काय केलं? वाट बघितली. मंत्र्याच्या बाहेरच्या खोलीत वाट बघितली, माद्रिदहून येणाऱ्या टपालाची वाट बघितली, दरबाराच्या दारात बग्ग्या लागायच्या तेव्हा फ्रेंच राजदूताची बग्गी पुढे की आपली, यावरून तासन्‌तास भांडला. आपल्याकडे लग्नात मानपानावरून रुसणारे मामा असतात, तसे हे लोक राज्यांच्या वतीने रुसत. एवढं मात्र मान्य करते की त्या काळी इंग्लंडात कॅथलिकांना उघड प्रार्थना करता येत नसे, आणि याने आपल्या घरातलं चॅपेल त्यांच्यासाठी उघडं ठेवलं होतं. आयरिश हमाल आणि मोलकरणी रविवारी त्याच्या दारातून आत जात. ते मी लिहिलं. त्याच्या जेवणाच्या टेबलावरची चांदी समुद्रापलीकडच्या खाणींतून आली होती आणि त्या खाणींत कोण मरत होतं, तेही लिहिलं. काकांनी ते काढलं नाही.

“कागद आहे ना? मग राहू दे,” ते म्हणाले.

आमचं भांडण चालायचं ते रीतीवरून. काकांना चरित्र केस पेपरसारखं हवं होतं. आधी पेशंटची तक्रार, त्याच्याच शब्दांत. मग पूर्वीचे आजार, घरच्यांचे आजार, राहणी, तपासणी. निदान सगळ्यात शेवटी. विशेषणं तर ते पेन्सिलने अशी उडवायचे जसं काही ती जंतू होती.

“‘उर्मट’ कशाला? तो काय म्हणाला ते लिही. उर्मट आहे की नाही ते वाचणारा बघेल.”

“वाचणाऱ्याला एवढा वेळ नसतो, काका.”

“माझ्या वाचणाऱ्याला आहे. तो रिटायर्ड आहे.”

मी तरी कुठे ऐकत होते? मी पुस्तिकेत वाढलेली. त्यांनी एक विशेषण उडवलं की मी पुढच्या पानावर दोन घालायचे.

राजदूताची तक्रार बघायला गेलं तर त्याच्या सगळ्या पत्रांत एकच रडगाणं होतं. दमट हवा, कोळशाचा धूर, पायाच्या अंगठ्यातला गाउट, म्हणजे संधिवाताचा ठणका. अपमान कितीही झाला तरी त्याची तक्रार नाही. काकांना याचं कौतुक होतं. “बघ,” ते म्हणायचे, “किती सोसलं, पण एक अक्षर नाही.”

“न सोसणाऱ्यांबद्दल आपण कधी लिहिणार?”

“तू आहेस की. लिही.”

मग आम्ही त्या हिवाळ्यापाशी आलो. माद्रिदने त्याला सांगितलं, इंग्रजांना सांगा की आम्हाला युद्ध नको. त्याने ते मनापासून सांगितलं. मंत्र्याला सांगितलं, दरबारात सांगितलं, त्याच्याकडे जेवायला येणाऱ्या व्यापाऱ्यांना सांगितलं. आणि मग गुपचूप निरोप आला. आरमार तयार होतंय, तयारी पुरी होईपर्यंत तुम्ही तेच बोलत राहा. तो काय करू शकला असता? राजीनामा देऊ शकला असता. आजारी पडू शकला असता, गाउट तर होताच. त्याने कोट चढवला आणि तेच बोलत राहिला. वसंत संपेपर्यंत. त्याच्या शब्दावर व्यापाऱ्यांनी जहाजं स्पॅनिश बंदरांत पाठवली. मग युद्धाचा जाहीरनामा त्यानेच नेऊन मंत्र्याच्या हातात दिला, आपलं सामान बांधलं आणि निघून गेला. जहाजं धरली गेली. खलाशी तुरुंगात गेले. याला माद्रिदला एक पट्टा आणि पदक मिळालं, आणि नंतर तो गावी जाऊन ऑलिव्हवरच्या किडीबद्दल लिहीत म्हातारा झाला.

त्या प्रकरणाचं पहिलं वाक्य मी लिहिलं, “हा माणूस भेकड होता.”

काकांनी कागद डोळ्यांजवळ नेला, मग लांब धरला.

“हे काय आहे?”

“निष्कर्ष.”

“पहिल्याच ओळीत? तपासणी कुठे आहे?”

“मागची साडेतीनशे पानं तपासणीच आहे.”

“त्यात मला गाउट दिसला. थोडा दमा असावा. भेकडपणा तुला कुठे दिसला? त्याची टेस्ट कोणती?”

“ती टेस्ट मला विचारा,” काकू स्वयंपाकघरातून म्हणाल्या.

मी हसले. हसायला नको होतं. काकांनी पेन्सिल खाली ठेवली.

“तू त्या खोलीत नव्हतीस,” ते म्हणाले. “कुणाच्या खोलीत आपण पाहुणे आहोत, कुठल्या शब्दाला उद्या बाहेर काढतील, हे तुला माहीत नाही. तू आलीस तेव्हा दारं उघडी होती.”

“विमानतळावर परफ्यूम विकते मी, काका. कुठली दारं?”

“तरी तू भांडू शकतेस! मंडळात उभी राहून आमच्या पिढीला नावं ठेवू शकतेस!”

“मग तुम्ही का नाही भांडलात? त्या मुलांना खरं का नाही सांगितलं?”

मी राजदूताबद्दल बोलत नव्हते हे तिघांनाही कळलं. काकांनी कागद नीट एकावर एक रचले, माझ्यापुढे सरकवले आणि म्हणाले, “काम थांबवू या आता.” ओरडले असते तर मला बरं वाटलं असतं. ते उठून बागेत गेले आणि गुलाबाच्या फांद्या कापत राहिले. मी हाउन्सलोला परत येताना बसमध्ये सगळा रस्ता त्यांना मनातल्या मनात उत्तरं देत होते, एकाहून एक चांगली.

बरेच आठवडे फोन नाही. मग एका शनिवारी काकूंचा आला. “उद्या ये. ह्यांनी एक शब्द लिहिलाय. महिनाभर बसून एक शब्द. ये आणि काय ते बघ बाई.”

रविवारी दुपारी गेले. काका माझीच प्रत घेऊन बसले होते. “भेकड” खोडून त्यांनी पेन्सिलने बारीक अक्षरात लिहिलं होतं, “घाबरलेला.”

“हा माणूस घाबरलेला होता,” मी वाचलं. “म्हणजे सोडलंच तुम्ही त्याला.”

“सोडलं कुठे? खाली खलाशी तुरुंगात आहेतच. ते मी खोडलं का? घाबरला होता आणि त्याच्यापायी माणसांचं वाटोळं झालं. दोन्ही लिही.”

“भेकड म्हटल्याने काय बिघडतं?”

“चाळीस वर्षं वॉर्डात होतो. भेकड पेशंट मी पाहिला नाही. घाबरलेले पाहिले.” त्यांनी पेन्सिलने तो शब्द दाखवला. “आणि घाबरलेल्याला पुढचा प्रश्न विचारता येतो. भेकडाला काय विचारणार?”

मी विचारलाच. “कशाला घाबरला होता?”

त्यांनी लगेच उत्तर दिलं, जसं काही महिनाभर ते तोंडात धरून बसले होते. “परत पाठवतील म्हणून. सगळं नीट चाललेलं असतं गं, पाटी असते दारावर, लोक सर म्हणतात. तरी रोज सकाळी वाटतं, आज कुणीतरी खांद्यावर हात ठेवणार आणि म्हणणार, चूक झाली, तुम्ही जा. मी त्या बोर्डरूममध्ये बसायचो ना, तेव्हा दाराच्या जवळची खुर्ची घ्यायचो. ते म्हणाले पुण्याला चला, मी गेलो. ते म्हणाले असं सांगा, मी तसं सांगितलं. पुढच्या वर्षी मला माहीत होतं. तरी सांगितलं.”

काकू दारात उभ्या होत्या. हाताला पीठ होतं.

“हे त्याला सांगितलंत?”

“पुस्तकात येतंय ना.”

“पुस्तकात? त्याला मोतीबिंदू झालाय अहो. एसटीच्या बोर्डावरचं नाव दिसत नाही त्याला, तो तुमची चारशे पानं वाचणार?”

त्यांनी पिठाच्या बोटानेच फोन लावला. कराडला संध्याकाळ झाली होती. पडद्यावर आधी एक कपाळ आलं, मग छत, मग बनियनमधला एक जाडसा, पांढऱ्या मिशांचा माणूस.

“काय गं ताई, आज मध्येच?”

“थांब, ह्यांना काहीतरी वाचून दाखवायचंय.” आणि फोन काकांच्या हातात देऊन त्या बाजूला झाल्या.

काकांनी वाचलं. खरोखर वाचलं, माझ्या प्रकरणाचं पहिलं पान: हिवाळा, निरोप, कोट, व्यापारी, जहाजं. पलीकडचा माणूस ऐकत होता. पान संपलं.

“दाजी, हा कोण?”

“स्पेनचा राजदूत होता.”

“बरं. मग मला कशाला वाचून दाखवताय?”

काकांनी माझ्याकडे पाहिलं. मी मान खाली घातली. त्या क्षणी त्यांना एक शब्द पुरवणं मला सहज जमलं असतं, पण तो माझा झाला असता.

“मी पण घाबरलो होतो,” काका म्हणाले. “मला माहीत होतं. तुला सांगितलं नाही.”

फोनवर एक स्कूटर गेल्याचा आवाज आला. मग पलीकडून शांतपणे उत्तर आलं.

“एवढं सांगायला स्पेनला कशाला गेलात? घरात फोन होता की.”

“तू बोलत नव्हतास.”

“तुम्ही लावला होतात का? कधी लावलात? सांगा ना! ताईच्या आडून ‘कसा आहे’ विचारायचं म्हणजे बोलणं झालं का, दाजी? सहा वर्षं मी तुमच्या त्या...” आणि मग तो माणूस ओरडायला लागला. काकाही ओरडायला लागले. पोस्टचं, व्हिसाचं, कुणाच्या लग्नात कोण कुठे बसलं याचं, सगळं निघालं. काकूंनी मला खांद्याला धरून स्वयंपाकघरात नेलं आणि दार लावून घेतलं.

“भांडू दे,” त्या म्हणाल्या. “तेवढंच राहिलं होतं. तू जेवून जा.”

“आणि पुस्तक, काकू?”

“ते आता कोण वाचणार गं?” त्यांनी अगदी प्रेमाने म्हटलं आणि पोळी तव्यावर टाकली.

खरंच आहे. काकांनी तेव्हापासून हस्तलिखित उघडलेलं नाही. आता दर रविवारी कराडशी बोलणं चालतं, कुठल्या सर्जनकडून मोतीबिंदू काढावा यावर वाद घालतात, आणि मी फोन केला की म्हणतात, “तुझं तू बघ बेटा, चांगलं लिहिलंयस, छापून टाक.” दीड वर्ष घालवलं मी त्यात! त्यांना त्यांचा वाचक मिळाला, काकूंना भाऊ मिळाला, आणि माझ्या खोलीत टेबलाखाली चारशे पानांचा एक उमराव पडलेला आहे. मी पुण्यातल्या प्रकाशकांना लिहिलं. एकाने विचारलं, यात मराठी माणसाचा काय संबंध? दुसरा म्हणाला, पेशव्यांच्या वकिलाबद्दल असतं तर बघितलं असतं. वडिलांना पाठवलं. ते म्हणाले, लांब आहे, बत्तीस पानांत कर. आणि शेवटी तो वाईट की चांगला ते कळत नाही.

ज्या माणसाला मला पहिल्या पानावर आडवा करायचा होता, त्याच्यासाठी मी आता दारोदार फिरते आहे. त्याच्या चांदीसकट, त्याच्या खलाशांसकट, कुणीतरी त्याला वाचावं म्हणून विनंत्या करते आहे. बत्तीस पानांची एक प्रत मी गेल्या आठवड्यात बसवायला घेतली. त्या वाक्यापाशी आले तेव्हा “भेकड” पुन्हा लिहिला, कारण मला अजूनही तोच बरोबर वाटतो. मग पुढचं वाक्य सुचेना. तो खोडला, काकांचा शब्द तिथे ठेवला, आणि कशाला घाबरला होता ते सांगायला आणखी चार पानं लागली. आता ती छत्तीस झाली आहेत. वडिलांना अजून सांगितलेलं नाही.